तिसऱ्या घंटेनंतर दार बंद

जेनिफर केंडल हे नाव आमच्या बजाजनगरात घेतलं तर बहुतेकांना आधी शशी कपूर आठवतो. ‘त्याची इंग्रज बायको ना?’ एवढ्यावर विषय संपतो. दूरदर्शनवर रात्री उशिरा लागणारे सिनेमे जागून बघणारं जुन्या पिढीतलं कुणी असेल, तर त्याला ‘३६ चौरंगी लेन’मधली एकटी राहणारी म्हातारी शिक्षिका आठवते. जेनिफर गेली ती ७ सप्टेंबर १९८४ रोजी. वाळूजच्या बजाज कारखान्याचं उद्घाटन राष्ट्रपती झैलसिंग यांच्या हस्ते झालं ते नोव्हेंबर १९८५मध्ये. म्हणजे ज्या वसाहतीत बसून मी हे लिहितो आहे, ती धड वसायच्या आधीच ही बाई गेली. तिचा आणि आमच्या कामगारवस्तीचा थेट संबंध काहीच नाही. तरीही शिफ्ट सांभाळून नाटक करणाऱ्या माझ्यासारख्याला तिच्या आयुष्याकडे पुन्हा पुन्हा वळावंसं वाटतं. त्यात तिचे सिनेमे आहेतच, पण खरी ओढ आहे ती तिने जुहूला उभं केलेल्या आणि चालवून दाखवलेल्या छोट्या थिएटरची. नटीची कारकीर्द मोजताना आपण भूमिका मोजतो. जेनिफरच्या बाबतीत तसं केलं तर निम्मी जेनिफर हिशेबातून निसटते.

तिचं सगळं शिक्षण वडिलांच्या कंपनीत झालं, त्यामुळे सुरुवात वडिलांपासूनच करायला हवी. जेफ्री यांचं मूळ आडनाव ब्रॅग. जन्म १९०९चा, उत्तर इंग्लंडातल्या केंडल गावातला. रंगभूमीवर आल्यावर त्यांनी गावाचं नावच आडनाव म्हणून लावलं. आपल्याकडे गावापुढे ‘कर’ लावतात, त्यांनी तेवढंही लावलं नाही. बायको लॉरा लिडेल, तीही नटीच. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरच्या काळात सैनिकांची करमणूक करणाऱ्या ताफ्यातून हे दोघं हिंदुस्थानात आले. इथला प्रेक्षक आणि इथलं फिरणं त्यांच्या मनात असं काही भरलं, की १९४७मध्ये ते स्वतःची कंपनी घेऊन परत आले. कंपनीचं नाव ‘शेक्सपियराना’. ज्या वर्षी बाकीचे इंग्रज सामान आवरून मायदेशी निघाले होते, त्या वर्षी हे इंग्रज कुटुंब ट्रंका भरभरून कपडेपट घेऊन इकडे उतरत होतं.

केंडल यांची कंपनी म्हणजे मूठभर माणसं. जेफ्री मालक, दिग्दर्शक आणि प्रमुख नट. कधी शायलॉक, कधी ऑथेल्लो. लॉरा भूमिका करायची आणि घरही सांभाळायची, आणि घर म्हणजे आज असलेला मुक्काम. थोरली जेनिफर नायिकेची कामं करू लागली. धाकटी फेलिसिटी नऊ महिन्यांची असताना ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’मध्ये रंगमंचावर आली ती कुणाच्या तरी कडेवर बसून. प्रयोग व्हायचे शाळा-कॉलेजांच्या हॉलमध्ये, कॉन्व्हेंटमध्ये, संस्थानिकांच्या वाड्यांत, मिळालं तर सिनेमाच्या थिएटरात. आगगाडीने जायचं, ट्रंका उतरवायच्या, असेल त्या जागेत पडदा बांधायचा, नाटक करायचं आणि पुढचं गाव गाठायचं. कलकत्त्याच्या सेंट झेवियर्समध्ये उत्पल दत्त नावाचा विद्यार्थी जेफ्रींच्या नजरेत भरला आणि कंपनीबरोबर फिरला. पुढे बंगाली रंगभूमीवरचा एवढा मोठा माणूस झाल्यावरही उत्पल दत्त जेफ्री केंडलना गुरू म्हणत राहिले. वेळेवर येणं, दुसऱ्याच्या वाक्याला पडू न देणं, आज हॅम्लेट केलेल्याने उद्या भालदार म्हणून उभं राहणं, हे सगळं त्या कंपनीत होतं.

मराठी माणसाला यातलं काहीच परकं वाटू नये. किर्लोस्कर मंडळी, गंधर्व नाटक मंडळी, त्यांचे मुक्काम, त्यांची स्वयंपाकघरं, मालकाच्या जिवावर चालणारा संसार, हे आपण आजोबांकडून ऐकलेलं आहे. शेक्सपियरही नवा नव्हता. शाहूनगरवासी मंडळीत गणपतराव जोशी हॅम्लेट करत. आगरकरांनी ते नाटक ‘विकारविलसित’ म्हणून मराठीत आणलं होतं, देवलांनी ऑथेल्लोचा ‘झुंजारराव’ केला होता, केळकरांची ‘त्राटिका’ गाजली होती. मात्र केंडल कुटुंब ट्रंका घेऊन फिरायला लागलं तोवर आपल्या बहुतेक कंपन्या मोडल्या होत्या. १९३२ला ‘अयोध्येचा राजा’ आला, मराठी बोलपट गावोगावी पोचले आणि नाटकाचा तंबू ओस पडत गेला. खुद्द बालगंधर्वांना १९३५मध्ये प्रभातच्या ‘धर्मात्मा’त उभं राहावं लागलं.

म्हणूनच ‘शेक्सपियरवाला’ हा १९६५चा सिनेमा मला आपल्या घरातल्या गोष्टीसारखा भिडतो. इस्माइल मर्चंट यांची निर्मिती, जेम्स आयव्हरी यांचं दिग्दर्शन, रूथ प्रवर झाबवाला यांचं लेखन, सत्यजित राय यांचं संगीत. गोष्ट केंडल कुटुंबाच्या फिरस्तीवरूनच सुचलेली. जेफ्री आणि लॉरा त्यात बकिंगहॅम नावाचं नटदांपत्य झाले, फेलिसिटी त्यांची मुलगी झाली, शशी कपूर तिच्या प्रेमात पडणारा श्रीमंत तरुण. ऑथेल्लो रंगात आलेला असताना प्रेक्षागृहात सिनेमानटी येते आणि सगळ्यांच्या माना रंगमंचावरून तिच्याकडे वळतात. ती नटी मधुर जाफरी. या भूमिकेसाठी तिला बर्लिन महोत्सवात अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. वळणाऱ्या त्या माना आपल्याकडे तीस वर्षं आधीच वळून झाल्या होत्या. इंग्रज कंपनीवर जे १९६५च्या सिनेमात गुदरतं, ते महाराष्ट्रातल्या किती मालकांनी आणि नटांनी सोसलं होतं. त्यावर इतका हळवा सिनेमा आपण वेळीच केला नाही, याची मला मनापासून हळहळ वाटते. एक मात्र सांगायला हवं. सिनेमातली कंपनी विझत जाते. खऱ्या केंडलनी सिनेमानंतरही नाटक सोडलं नाही.

जेनिफर या सिनेमात अगदी थोडी दिसते. तोवर ती कंपनीतून बाहेर पडून मुंबईची सून झाली होती.

१९५६, कलकत्ता. पृथ्वीराज कपूर यांची ‘पृथ्वी थिएटर्स’ आणि केंडल यांची ‘शेक्सपियराना’ एकाच शहरात मुक्कामाला होत्या. पृथ्वी थिएटर्स ही १९४४ साली निघालेली मोठी फिरती कंपनी. प्रयोग संपला की पृथ्वीराज स्वतः झोळी घेऊन दारात उभे राहत. त्यांचा धाकटा मुलगा शशी तेव्हा अठरा वर्षांचा, वडिलांच्या कंपनीत पडेल ते काम करणारा. जेनिफर त्याच्याहून चार-पाच वर्षांनी मोठी आणि कंपनीची प्रमुख नटी. शशी पुढे शेक्सपियरानात दाखल झाला, छोट्या भूमिका करत फिरला. जेफ्रींना हे लग्न नको होतं. बाप म्हणून नको असेलच, पण मालक म्हणूनही नको असणार, कारण जेनिफर गेली तर पोर्शिया कोण करणार? मूठभर माणसांच्या कंपनीत नायिका जाणं म्हणजे अर्धी नाटकं बंद. दोघं शेवटी दौऱ्यात सिंगापूरला असताना कंपनी सोडून निघाले. खिशात पैसे नव्हते, मुंबईची तिकिटं राज कपूर यांनी पाठवली. जुलै १९५८मध्ये लग्न झालं. दोनच वर्षांत, १९६०मध्ये, पृथ्वीराजांची कंपनीही बंद पडली.

म्हणजे बघा, पंचविशीतली ही मुलगी एका फिरत्या कंपनीतून निघून दुसऱ्या फिरत्या कंपनीच्या घरात आली आणि तिथे पोचते तोच ती कंपनी मिटली. वडिलांचा व्यवसाय मागे सुटला, सासऱ्यांचा डोळ्यांसमोर संपला. पुढे तिने जे केलं त्याची मुळं मला इथे दिसतात.

त्यानंतरची दहा-पंधरा वर्षं भराभर सांगता येतील. कुणाल, करण आणि संजना अशी तीन मुलं झाली. शशी कपूर हिंदी सिनेमात स्थिरावला, मग इतका अडकला की एका दिवसात चार-चार ठिकाणी शूटिंग करू लागला. थोरल्या भावाने, राज कपूर यांनी, त्याला टॅक्सी म्हणायला सुरुवात केली. मात्र रविवारी तो काम करत नसे, रविवार घरच्यांचा. हा नियम जेनिफरमुळे पाळला गेला असं सगळेच सांगतात. १९७०मध्ये मर्चंट-आयव्हरींच्या ‘बॉम्बे टॉकी’त ती दिसली ती हिंदी सिनेमाच्या नटाच्या प्रेमात पडणारी इंग्रज लेखिका म्हणून. समोर शशीच होता. सिनेमा मला फारसा आवडत नाही, त्यातली माणसं लांबूनच बघितल्यासारखी वाटतात. इकडे धाकटी फेलिसिटी इंग्लंडला गेली, बीबीसीच्या ‘द गुड लाइफ’ मालिकेने तिथे घराघरांत पोचली. एकाच कंपनीत वाढलेल्या दोन बहिणी, एक लंडनची झाली आणि दुसरी मुंबईची.

१९७२मध्ये पृथ्वीराज गेले. आपल्या कंपनीसाठी कायमची जागा असावी म्हणून त्यांनी जुहूला एक जमीन भाड्याने घेऊन ठेवली होती. तिथे नेपथ्य, कपडे, सामान पडून असे. तिची मुदतही त्याच वर्षी संपली. कुटुंबाला जमीन विकत घेण्याची संधी होती. शशी आणि जेनिफरने ती घेतली, १९७५मध्ये पृथ्वीराजांच्या स्मरणार्थ ट्रस्ट केला आणि वास्तुरचनाकार वेद सेगन यांच्याकडून तिथे नाट्यगृह बांधून घेतलं. पैसे शशीच्या सिनेमांतून आले. त्यांचं काय करायचं आणि कसं करायचं, हे मुख्यतः जेनिफरने बघितलं.

त्या काळात नाट्यगृह म्हणजे काय होतं ते लक्षात घेतलं तर तिच्या निर्णयाचं मोल कळतं. १९६८मध्ये पुण्यात बालगंधर्व रंगमंदिर झालं होतं. मुंबईत शिवाजी मंदिर होतं, रवींद्र होतं. हजाराच्या आसपास खुर्च्या, समोर उंच चौकट, लांबच लांब प्रेक्षागृह. तिथे चालायला नाटकाला नाव लागतं, जाहिरात लागते, भाडं परवडावं लागतं. ज्यांना यातलं काहीच नव्हतं ती मंडळी शाळेच्या हॉलचा आसरा घेत होती. ‘आविष्कार’च्या अरविंद आणि सुलभा देशपांडे, अरुण काकडे यांनी दादरच्या छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये मांडलेला संसार हा त्याच वर्षांतला. सत्यदेव दुबे जागेच्या शोधात मुंबईभर फिरत होते. नाटक होतं, नट होते, प्रेक्षकही होता. हक्काचा छोटा रंगमंच तेवढा नव्हता.

जेनिफरने नेमका तो बांधला. खुर्च्या दोनशेच्या घरात. रंगमंच प्रेक्षकांत घुसलेला, तिन्ही बाजूंनी माणसं. तिथे नटाला लपायला जागा नसते. पहिल्या रांगेतला माणूस हात पुढे केला तर नटाच्या अंगाला लागेल इतका जवळ. मायक्रोफोन लागत नाही, कुजबुज शेवटच्या रांगेपर्यंत जाते, आणि त्यामुळेच ओरडून भावना दाखवण्याची खोड चटकन उघडी पडते. एका बाजूला तोंड केलं की दुसऱ्या बाजूच्या प्रेक्षकाला पाठ दिसते, म्हणून नटाला पाठीनेही अभिनय करावा लागतो. मोठ्या चौकटीत वाढलेल्या आपल्या हौशी नटाला हे आधी जड जातं. चार प्रयोग झाले की त्याच्या कामात फरक पडतो. केंडल कंपनी शाळांच्या हॉलमध्ये, वाड्यांच्या चौकात असंच नाटक करत फिरली होती. प्रेक्षक किती जवळ असावा याचं माप जेनिफरच्या अंगात मुरलेलं होतं, पुस्तकातून शोधावं लागलं नाही.

५ नोव्हेंबर १९७८ला पृथ्वी थिएटर सुरू झालं. पहिलं नाटक ‘उद्ध्वस्त धर्मशाला’, नसिरुद्दीन शाह आणि ओम पुरी रंगमंचावर. लेखक आपले गो. पु. देशपांडे, दिल्लीच्या नेहरू विद्यापीठात चीनचा अभ्यास शिकवणारे प्राध्यापक. मूळ मराठी ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’ काही वर्षांपूर्वीच डॉ. श्रीराम लागू यांनी रंगमंचावर आणलं होतं. विद्यापीठाच्या चौकशी समितीपुढे बसलेला डावा प्राध्यापक आणि त्याच्या आयुष्याची उलटतपासणी, असं हे नाटक. गाणं नाही, विनोद नाही, खून नाही. नव्या थिएटरचा नारळ अशा नाटकाने फोडायला धाडस लागतं. इंग्रज नटीने पंजाबी सासऱ्याच्या नावाने बांधलेलं थिएटर, त्यात मराठी नाटककाराचं नाटक हिंदीतून. मुंबईच्या नाट्यसृष्टीचं याहून खरं रूप मला दुसरं सापडत नाही. मराठी रंगभूमीच्या इतिहासात ही तारीख ठळक छापायला हवी असं मला नेहमी वाटतं.

मग कारभार. तो जेनिफरचा प्रांत. भाडं असं ठेवायचं की कॉलेजातून नुकत्याच बाहेर पडलेल्या मुलांच्या गटालाही परवडावं. आठवडाभर नाटक चालू ठेवायचं, सोमवारी सुट्टी. वेळ म्हणजे वेळ. तिसरी घंटा झाली की दार बंद, मग बाहेर कुणीही असो. हा नियम मुंबईतल्या बड्या बड्यांना दारातून परत पाठवून पाळला गेला आणि आजही पाळला जातो. आवारात चहा-कॉफीची जागा ठेवली, म्हणजे नाटकाआधी आणि नंतर नट, लेखक, विद्यार्थी एका बाकावर बसतील. बारीकसारीक वाटावं असं हे सगळं आहे, पण नाट्यगृह अशा बारीक गोष्टींवरच टिकतं. सुंदर इमारती बांधून दोन वर्षांत गळक्या छपराची गोदामं झालेली नाट्यगृहं महाराष्ट्रात प्रत्येकाने बघितली आहेत. इमारत पैशाने होते. तिथे रोज सकाळी येऊन खुर्च्या, संडास, दिवे आणि घंटा बघणारं माणूस असावं लागतं. फिरत्या कंपनीत वाढलेल्या मुलीला हे काम कमीपणाचं वाटलं नाही, कारण तिच्या घरात नायिकेनेच ट्रंका भरल्या होत्या.

थिएटर सुरू होत होतं त्याच सुमारास शशी कपूरने ‘फिल्मवालाज’ ही निर्मितीसंस्था काढली आणि जेनिफरला तिच्या वयाला, तिच्या ताकदीला साजेशा भूमिका मिळाल्या. श्याम बेनेगल यांचा ‘जुनून’ आधी. रस्किन बाँड यांच्या कथेवरचा, १८५७च्या धामधुमीतला. पठाण जावेद खान इंग्रज-भारतीय कुटुंबातल्या कोवळ्या मुलीवर भाळलेला आहे, मुलीच्या आईला तिला वाचवायचं आहे आणि आसराही त्याच्याच घरी घ्यावा लागतो आहे. आई झालेली जेनिफर त्याच्यापुढे अट ठेवते, दिल्लीचा निकाल काय लागतो त्यावर मुलीचं भवितव्य ठरेल. जावेद झालेल्या नवऱ्याच्याच समोर उभं राहून तिने हा सौदा इतक्या थंड डोक्याने केला आहे, की पठाणाच्या तलवारीपेक्षा या निराधार बाईचंच वजन पडद्यावर जास्त जाणवतं.

आणि मग १९८१चा ‘३६ चौरंगी लेन’. अपर्णा सेन यांचा दिग्दर्शिका म्हणून पहिलाच सिनेमा. व्हायोलेट स्टोनहॅम ही कलकत्त्यातली अँग्लो-इंडियन शिक्षिका, शाळेत शेक्सपियर शिकवते. मांजराचं नाव सर टोबी, म्हणजे तेही ‘ट्वेल्फ्थ नाइट’मधलंच. नातेवाईक एकेक करून देश सोडून गेलेले, भाऊ वृद्धाश्रमात. त्या भावाची भूमिका खुद्द जेफ्री केंडल यांनी केली. तरुणपणीची व्हायोलेट म्हणून संजना आहे, करणही आहे, निर्माता शशी. तीन पिढ्या एका सिनेमात, आणि तरीही तो घरगुती वाटत नाही.

जेनिफर तेव्हा पन्नाशीच्याही अलीकडे होती, भूमिका तिच्याहून बऱ्याच म्हाताऱ्या बाईची. मेकअप बेताचाच. म्हातारपण तिने चालण्यात आणलं, जिना चढताना मध्येच थांबण्यात आणलं. शाळेत नवी मुख्याध्यापिका येते आणि वरच्या वर्गांचं शेक्सपियर काढून तिच्याकडे खालच्या वर्गांचं व्याकरण सोपवते. त्या प्रसंगात जेनिफर चेहऱ्यावर काहीही येऊ देत नाही. जन्मभर शेक्सपियर जगलेल्या नटीने हा अपमान असा गिळून दाखवावा, हे बघताना माझ्या घशाशी येतं. पुढे जुनी विद्यार्थिनी आणि तिचा मित्र यांना भेटायला जागा हवी असते, बाईंचं घर दिवसा रिकामं असतं. बाईंना वाटतं माणसं घरात आली. लग्न झाल्यावर त्यांना बाईंची गरज उरत नाही. नाताळच्या रात्री ती केक घेऊन त्यांच्याकडे जाते, बाहेरून खिडकीतून आतली मेजवानी बघते आणि आपल्याला टाळण्यासाठी खोटं सांगितलं गेलं हे तिला कळतं. मग रिकाम्या रस्त्याने चालताना ती एका भटक्या कुत्र्याला ‘किंग लिअर’ म्हणून दाखवते.

मराठी प्रेक्षकाला इथे अप्पा बेलवलकर आठवल्याशिवाय राहत नाहीत. शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग डिसेंबर १९७०मधला, डॉ. लागू अप्पांच्या भूमिकेत. त्याच्याही मुळाशी लिअरच. दोघंही म्हातारी, दोघांचीही जवळच्यांनी वाट लावलेली, दोघांच्याही तोंडी शेवटी नाटकातली वाक्यंच उरतात. पण अप्पांच्या दुःखाला आवाज आहे, त्यांचा आकांत हजार प्रेक्षकांच्या नाट्यगृहाला भरून उरतो. स्टोनहॅमबाईंचं दुःख दबक्या आवाजातलं, ऐकायला एक कुत्रं. दोन्ही भूमिका थोर आहेत आणि मी डावं-उजवं करणार नाही. तालमीत मात्र आमच्या पोरांना मी आधी अप्पा बघायला सांगतो आणि दुसऱ्याच दिवशी स्टोनहॅमबाई. मोठा आवाज आणि दबका आवाज दोन्ही गळ्यात असल्याशिवाय नट तयार होत नाही.

‘३६ चौरंगी लेन’साठी अपर्णा सेन यांना दिग्दर्शनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. ब्रिटिश अकादमीच्या सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीसाठीच्या नामांकनात जेनिफरचं नाव आलं. सोबत डायेन कीटन, सिसी स्पेसेक आणि कॅथरिन हेपबर्न होत्या, पारितोषिक हेपबर्न यांना मिळालं. तिथपर्यंत पोचायला जेनिफरला कलकत्त्यातल्या मास्तरणीची भूमिका लागली, आणि ती लिहिणारी दिग्दर्शिका बंगाली होती. इंग्रज नटीच्या आयुष्यातली सर्वांत मोठी भूमिका इंग्लंडने तिला दिली नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं.

तोवर आजार सुरू झाला होता. कर्करोगाचं निदान १९८२च्या सुमारास झालं. त्यातही ती ‘हीट अँड डस्ट’मध्ये दिसली, सत्यजित राय यांच्या ‘घरे बाइरे’त बिमलेला शिकवायला येणारी मिस गिल्बी झाली. १९८४मध्ये लंडनला तिचं निधन झालं, तेव्हा तिने पन्नाशी नुकतीच ओलांडली होती. आईवडील दोघंही मागे उरले. लॉरा १९९२मध्ये गेली, जेफ्री १९९८मध्ये. शशी कपूर खचला, हे त्याच्या पुढच्या सिनेमांत कुणालाही दिसतं.

थिएटर चालू राहिलं. आधी कुणाल, मग अनेक वर्षं संजना, पुन्हा कुणाल. शशी कपूरला २०१४चं दादासाहेब फाळके पारितोषिक जाहीर झालं तेव्हा तब्येतीमुळे तो दिल्लीला जाऊ शकला नाही. मे २०१५मध्ये केंद्रीय मंत्र्यांनी जुहूला येऊन, पृथ्वी थिएटरमध्येच, ते त्याच्या हाती दिलं. संजनाने २०१२मध्ये पृथ्वीचा कारभार सोडला आणि समीरा अय्यंगार यांच्यासह ‘जुनून’ ही संस्था काढून नाटक शाळांमध्ये न्यायला सुरुवात केली. आजोबांच्या ट्रंका जिथे उतरत होत्या तिथेच नात पोचली.

आता आमच्याकडचं सांगतो. छत्रपती संभाजीनगरला नटांची कधीच वाण नव्हती. विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे. तिथल्याच लक्ष्मण देशपांडे यांनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये एकट्याने बावन्न पात्रं उभी केली. ऐंशीच्या दशकात चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवी यांची ‘जिगीषा’ इथेच घडली आणि मग मुंबईला गेली. शहरात संत एकनाथ रंगमंदिर आहे, तापडिया आहे, सिडकोत संत तुकाराम आहे. बजाजनगरातून तिथवर बारा-पंधरा किलोमीटर. दुसरी शिफ्ट करून रात्री सुटलेल्या माणसाला तिथलं नाटक मिळत नाही, आणि पहिल्या शिफ्टला पहाटे बस पकडायची असेल तर रात्री परतायचं कसं हा प्रश्न असतो. पण गणपतीत आणि कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धेच्या दिवसांत या वसाहतीत किती नट आहेत ते बघायला यावं. लेथवर काम करणारा, पेंट शॉपमधला, कँटीनमधला, पाठांतर खिशात घेऊन फिरतो.

पृथ्वीच्या रचनेबद्दल वाचल्यापासून माझ्या डोक्यात एक गोष्ट घोळत होती. यंदा आमच्या गटाने शाळेच्या हॉलमधला उंच स्टेज वापरायचाच नाही असं ठरवलं. खाली फरशीवर मधली जागा मोकळी ठेवून तिन्ही बाजूंनी सतरंज्या टाकल्या, मागे खुर्च्यांच्या दोन रांगा. माइक काढून टाकला. तालमीत नायकाचं काम करणारा मुलगा सारखा विचारत होता, सर, तोंड कुणाकडे करू? मी म्हटलं, जिच्याशी बोलतोयस तिच्याकडे कर. प्रयोगाला सतरंजीवर बसलेल्या बायका-पोरांनी पहिली पाच मिनिटं चुळबुळ केली आणि मग पाऊण तास हॉलमध्ये पंख्याचा आवाज ऐकू येत होता. सासूच्या भूमिकेतल्या आमच्या वहिनींनी एरवी जे वाक्य टाळीसाठी फेकलं असतं ते हळू म्हटलं, आणि पुढच्या बाईने मान खाली घातली. आता दिव्यांचं बघायचं आहे. चार पार आणि एक डिमर मिळाला तर पुढचा प्रयोग डिसेंबरात, आणि या वेळी दाराशी बसायला माणूस आधीच ठरवून ठेवला आहे.